वाचकांचे प्रश्न : मिरोस्लाव्ह क्लोजे आणि पेनल्टी क्षेत्रातली हुशारी

जर्मनीचा आघाडीपटू मिरोस्लाव्ह क्लोजे याच्याविषयी आलेल्या पत्रांमधले निवडक प्रश्न या वेळी घेतले आहेत. एकाच आशयाचे प्रश्न एकत्र केले आहेत.

प्रश्न : क्लोजेचा जन्म पोलंडचा. मग तो जर्मनीकडून कसा खेळला? पोलंडने त्याला विचारलं नव्हतं का?

विचारलं होतं. क्लोजे ९ जून १९७८ रोजी ओपोले इथे जन्मला. हा सिलेशियाचा भाग दुसऱ्या महायुद्धापर्यंत जर्मनीत होता आणि तिथल्या जर्मन वंशाच्या कुटुंबांना पुढेही जर्मन नागरिकत्वाचा हक्क होता. वडील योझेफ ओद्रा ओपोले आणि फ्रान्समधल्या ओसेर या क्लबांकडून फुटबॉल खेळले होते, तर आई पोलंडच्या राष्ट्रीय हँडबॉल संघात होती. मुलगा आठेक वर्षांचा असताना कुटुंब जर्मनीतल्या कुसेल या छोट्या गावी स्थायिक झालं.

२००१ च्या सुरुवातीला पोलंडचे प्रशिक्षक येझी एंगेल यांनी त्याच्याशी संपर्क साधला, पण त्याने जर्मनीची वाट पाहायचं ठरवलं. २४ मार्च २००१ रोजी लेव्हरकुझेनमध्ये अल्बानियाविरुद्धच्या विश्वचषक पात्रता सामन्यात तो बदली खेळाडू म्हणून उतरला आणि ८८व्या मिनिटाला त्याने २–१ असा विजयी गोल केला. एका देशाच्या वरिष्ठ संघाकडून स्पर्धात्मक सामना खेळला की दुसऱ्या देशाचं दार बंद, असा तेव्हाचा नियम होता. त्यामुळे प्रश्न त्याच दिवशी निकाली निघाला.

प्रश्न : तो सुतारकाम शिकला होता, हे खरं की दंतकथा? अकादमीत न वाढलेला खेळाडू इतका वर कसा गेला?

खरं आहे. त्याने बांधकामातल्या सुतारकामाचं रीतसर प्रशिक्षण घेतलं होतं. त्या काळात तो एस. जी. ब्लाउबाख-डीडेलकोप्फ या गावच्या संघाकडून सातव्या स्तरावर खेळत होता. १९९८ मध्ये तो एफ. सी. होम्बुर्गला गेला, १९९९ मध्ये कायझरस्लाउटर्न या मोठ्या क्लबच्या राखीव संघात. हा राखीव संघ तेव्हा तिसऱ्या स्तरावर खेळत असे. एप्रिल २००० मध्ये, वयाची बावीस वर्षं पूर्ण व्हायला दोन महिने असताना, तो बुंडेसलिगात, म्हणजे जर्मनीच्या अव्वल साखळीत, उतरला.

जर्मन व्यवस्थेतली एक गोष्ट इथे कामी आली. मोठ्या क्लबांचे राखीव संघ तिथे स्वतंत्र साखळीत न खेळता खालच्या स्तरांवर इतर क्लबांच्या वरिष्ठ संघांशी भिडतात. त्यामुळे उशिरा आलेल्या खेळाडूलाही कसलेल्या, अंगाने भक्कम बचावपटूंशी रोज झुंजायला मिळतं आणि पहिल्या संघाचा प्रशिक्षक त्याच मैदानावर असतो. मात्र क्लोजेचं उदाहरण देऊन ‘अकादमीची गरज नाही’ असं कुणी म्हणत असेल, तर ते आम्हाला पटत नाही. त्याच्या घरातच दोन व्यावसायिक दर्जाचे खेळाडू होते.

प्रश्न : विश्वचषकातले त्याचे १६ गोल कसे झाले? ‘सगळे सोपे गोल’ अशी टीका ऐकतो.

आधी हिशेब पाहा. २००२ मध्ये ५, २००६ मध्ये ५, २०१० मध्ये ४ आणि २०१४ मध्ये २. एकूण २४ सामने. यातला एकही गोल पेनल्टीवर नाही आणि सगळे पेनल्टी क्षेत्राच्या आतून मारलेले.

२००२ चे पाचही गोल डोक्याने झाले. सापोरोमध्ये सौदी अरेबियाचा ८–० असा धुव्वा उडाला त्यात तीन, मग आयर्लंड आणि कॅमेरूनविरुद्ध एकेक. बाद फेरीत मात्र त्याची पाटी कोरी राहिली, कारण तोवर प्रतिस्पर्धी क्रॉसच्या (बाजूने आत आलेल्या चेंडूच्या) वेळी त्याला दोघांमध्ये दाबून धरू लागले होते. २००६ पर्यंत त्याने पायाचं काम वाढवलं. कोस्टा रिकाविरुद्धच्या सलामीला, म्हणजे त्याच्या २८व्या वाढदिवशी, त्याने दोन गोल केले. दुसऱ्याच्या वेळी त्याचा हेडर गोलरक्षकाने अडवला आणि परतलेला चेंडू त्यानेच जाळ्यात ढकलला. उपांत्यपूर्व फेरीत अर्जेंटिनाविरुद्ध ८०व्या मिनिटाला बालाकचा क्रॉस बोरोव्स्कीने डोक्याने पुढे सरकवला आणि क्लोजेने डोक्यानेच बरोबरी साधली. बोरोव्स्की हा वेर्डर ब्रेमेनमधला त्याचा सहकारी; दोघांना एकमेकांच्या धावा ठाऊक होत्या. पाच गोलांसह त्या स्पर्धेचा गोल्डन बूट, म्हणजे सर्वाधिक गोलांचा पुरस्कार, त्याला मिळाला.

२०१४ चे दोन्ही गोल टीकाकारांना सर्वात ‘सोपे’ वाटतात. घानाविरुद्ध तो ६९व्या मिनिटाला मैदानात आला. ७१व्या मिनिटाला क्रूसचा कॉर्नर ह्योवेडेसच्या डोक्याला लागून दूरच्या पोस्टकडे गेला आणि क्लोजेने घसरत पाय लावला. ब्राझीलविरुद्ध २३व्या मिनिटाला त्याचा पहिला फटका ज्युलिओ सीझरने अडवला, दुसरा आत गेला. याच गोलाने ब्राझीलच्या रोनाल्डोचा १५ गोलांचा विक्रम मागे पडला.

फटका सोपा होता, कबूल. पण तिथे पोहोचणं सोपं नव्हतं. बहुतेक आघाडीपटू फटका मारल्यावर क्षणभर थांबून चेंडू कुठे जातो ते पाहतात. क्लोजे फटक्याबरोबरच पुढचं पाऊल टाकायचा. सरावात हे करताना एक खबरदारी घ्या. स्वतःच्या फटक्यावरून परतलेल्या चेंडूला ऑफसाइडची भीती नसते. पण सहकाऱ्याच्या फटक्याच्या क्षणी तुम्ही चेंडूच्या आणि शेवटून दुसऱ्या प्रतिस्पर्ध्याच्याही पुढे असाल, तर गोलरक्षकाकडून परतलेला चेंडू मारणं हे ऑफसाइडच ठरतं. म्हणून सहकारी फटका मारेपर्यंत बचावपटूच्या रेषेत राहायचं आणि मगच सुटायचं.

प्रश्न : २०१० मध्ये इंग्लंडविरुद्धचा त्याचा गोल ऑफसाइड नव्हता का?

नाही. तो चेंडू जर्मन गोलरक्षक नॉयरच्या गोलकिकवरून आला होता. गोलकिक, थ्रो-इन आणि कॉर्नर यांवरून थेट आलेल्या चेंडूला ऑफसाइड लागू होत नाही. क्लोजेने धावता धावता इंग्लंडचा बचावपटू अपसन याला अंगाने मागे ठेवलं आणि पुढे येणाऱ्या गोलरक्षकाच्या बाजूने घसरत चेंडू ढकलला.

प्रश्न : बायर्न म्युनिक क्लबमध्ये तो अपयशी, पण जर्मनीकडून यशस्वी. असं का?

आकडे खरोखर विचित्र आहेत. बुंडेसलिगात कायझरस्लाउटर्नकडून १२० सामन्यांत ४४ गोल, ब्रेमेनकडून ८९ सामन्यांत ५३ (२००५–०६ मध्ये २५ गोलांसह लीगमध्ये अव्वल) आणि बायर्नकडून ९८ सामन्यांत फक्त २४. २००९–१० च्या हंगामात तर लीगमध्ये अवघे ३ गोल. त्याच उन्हाळ्यात दक्षिण आफ्रिकेत त्याने पाच सामन्यांत चार केले!

आमच्या मते याचं मुख्य कारण मोकळी जागा. बायर्नसमोर बहुतेक संघ स्वतःच्या पेनल्टी क्षेत्रात दाटी करून बसतात. शिवाय शेजारी लुका टोनीसारखा उंच आघाडीपटू असला की क्लोजेला खाली उतरून चेंडू जोडून देण्याचं काम करावं लागे, आणि प्रशिक्षक लुई व्हान खाल यांच्या काळात संघातली जागाच पक्की राहिली नाही. प्रशिक्षक लोव्ह यांच्या जर्मन संघात तो एकटा पुढे असायचा. मागे ओझिल, बाजूंना थॉमस म्युलर आणि पोडोल्स्की. चेंडू हिसकावला की दोन-तीन पासमध्ये तो प्रतिस्पर्ध्याच्या उघड्या पडलेल्या बचावापुढे येई. ब्रेमेनमध्येही मिकूसारखा चेंडू पुरवणारा पाठीशी होता.

२०१० चं आणखी एक सांगायला हवं. सर्बियाविरुद्ध ३७व्या मिनिटाला दोन पिवळ्या कार्डांमुळे तो बाहेर गेला, पुढचा सामना निलंबनात गेला आणि तिसऱ्या क्रमांकाच्या लढतीलाही तो नव्हता. रोनाल्डोपासून एका गोलावर तो थांबला आणि चार वर्षं तसाच राहिला.

प्रश्न : हेडरचा सराव कसा करावा? माझा चेंडू नेहमी बारवरून जातो.

चेंडू वर जातो म्हणजे तुम्ही लवकर उडी मारताय. चेंडू पोहोचेपर्यंत शरीर खाली येऊ लागतं, कपाळाऐवजी टाळू लागते आणि चेंडू उडतो.

प्रौढांचा ५ क्रमांकाचा चेंडू ४१० ते ४५० ग्रॅमचा असतो. सुरुवात त्याने करू नका. ४ क्रमांकाचा, कमी हवेचा चेंडू घ्या. सोबत्याने चार-पाच मीटरवरून खालच्या हाताने तो उंच टाकावा. तुम्ही उभ्या जागी, पाय मागे-पुढे, हनुवटी गळ्याकडे, मान ताठ, तोंड मिटलेलं आणि डोळे उघडे. चेंडू केसांच्या रेषेखाली कपाळाच्या सपाट भागावर घ्यायचा. जोर कमरेतून येतो. नुसती मान झटकली तर चेंडूला दिशा मिळत नाही आणि मानही दुखते. सैल मान सर्वात धोक्याची, कारण धक्का थेट डोक्याला बसतो.

हे जमल्यावर धाव जोडा. क्लोजेच्या गोलांत पुन्हा पुन्हा दिसतं ते असं : तो बचावपटूच्या पाठीमागच्या खांद्याआड थांबतो. तिथून बचावपटूला एकतर चेंडू दिसतो, नाहीतर माणूस. क्रॉस देणारा फटक्यासाठी मान खाली घालतो, त्या क्षणी निघायचं. त्याआधी निघालात तर चेंडूच्या पुढे जाऊन अडकाल. शेवटची तीन-चार पावलं वेगात आणि किंचित वळणावर, उडी एका पायावर, हात तोल सांभाळण्यापुरते बाजूला. कोपर वर गेलं की पंच फाउल देतो. चेंडूच्या वरच्या अर्ध्या भागावर कपाळ आणा, म्हणजे तो खाली जाईल. गोलरेषेजवळ टप्पा पडलेला चेंडू गोलरक्षकाला सर्वात जड जातो.

संख्या वाढवू नका. इंग्लंडच्या फुटबॉल संघटनेने २०२१ मध्ये प्रौढ व्यावसायिकांनाही सरावात आठवड्याला जोराचे १० हेडर एवढीच मर्यादा सुचवली होती. धावेचा सराव चेंडू हातात झेलूनही होतो.

प्रश्न : गेर्ड म्युलर श्रेष्ठ की क्लोजे?

म्युलर. देशासाठी ६२ सामन्यांत ६८ गोल, बुंडेसलिगात ४२७ सामन्यांत ३६५, तुलनाच नको. क्लोजेने ६ जून २०१४ रोजी माइन्झमध्ये आर्मेनियाविरुद्ध ६९वा गोल करून त्याला मागे टाकलं, पण कारकिर्दीअखेर त्याचे ७१ गोल १३७ सामन्यांत झाले. म्हणजे सामने दुपटीहून जास्त. क्लोजेच्या बाजूने एक आकडा मात्र जबरदस्त आहे : त्याने गोल केलेला एकही सामना जर्मनी हरली नाही.

प्रश्न : गोलनंतरची कोलांटी त्याने बंद केली होती का?

वयानुसार कमी केली होती. घानाविरुद्ध छत्तिसाव्या वर्षी मारली आणि उतरताना तोल गेला.

प्रश्न : हाताने झालेला गोल त्याने स्वतः कबूल केला होता, तो प्रसंग सांगा.

२०११ मध्ये तो इटलीतल्या लाझिओ क्लबमध्ये गेला होता. २६ सप्टेंबर २०१२ रोजी नापोलीविरुद्ध सुरुवातीच्याच मिनिटांत चेंडू त्याच्या हाताला लागून आत गेला. पंचांनी गोल दिला होता. क्लोजेने सांगितल्यावर तो रद्द झाला. पुढे नापोलीने सामना ३–० असा जिंकला. २००५ मध्ये ब्रेमेनकडून खेळताना बीलेफेल्डविरुद्ध मिळालेली पेनल्टीही ‘मला पाडलेलं नाही’ असं पंचांना सांगून त्याने नाकारली होती.

या दोन प्रसंगांत नियमाच्या दृष्टीने फरक आहे. २०१९ पासून आक्रमकाच्या हाताला लागून थेट आत गेलेला चेंडू, हेतू नसला तरी, गोल धरला जात नाही. जिथे व्हीएआर (व्हिडिओ पाहून पंचाला मदत करणारा सहायक पंच) आहे तिथे तो कबुलीविनाही रद्द होईल. पेनल्टीचं तसं नाही. पेनल्टी क्षेत्रात हलकासा स्पर्श झाला आणि आघाडीपटू पडला, तर तो स्पर्श पाडण्याइतका होता का, हे अजूनही पंचाच्या अंदाजावर असतं आणि पंचाची उघड चूक दिसल्याखेरीज व्हीएआर मध्ये पडत नाही. तिथे खेळाडूच्या शब्दाने आजही निर्णय फिरू शकतो, मात्र खेळ पुन्हा सुरू होण्याआधी तो बोलला पाहिजे. एकदा खेळ सुरू झाला की पंचाला तो निर्णय बदलता येत नाही.