देवबाग, भोगवे, निवती: होडीची सफर भरती बघून ठरवा

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: जानेवारीत साठी ओलांडलेले आईवडील आणि ८ वर्षांची मुलगी यांना घेऊन मालवणला यायचंय. होडीने समुद्रातल्या गुहा आणि किनारे बघायचे आहेत. अशा गुहा आपल्याकडे खरंच आहेत का, सफर कुठून घ्यावी, आणि या मंडळींना घेऊन ती झेपेल का?

सफर जरूर घ्या, झेपेल. माझं आजोळ भोगव्याचं, त्यामुळे हा पट्टा लहानपणापासून ओळखीचा आहे. एक गोष्ट मात्र आधीच सांगतो, कारण बाकी सगळं तिच्यावर अवलंबून आहे. इथे येणारे लोक 'किती पॉइंट दाखवणार' आणि 'किती घेणार' एवढंच विचारून होडी ठरवतात. तुम्ही आधी दिवस आणि वेळ ठरवा, मग होडी. तीच होडी, तेच पैसे, तोच तांडेल, म्हणजे होडी चालवणारा. पण एकादशीच्या सकाळी सातला जो समुद्र मिळतो तो अमावास्येच्या दुपारी दोनला मिळत नाही.

जागा कशी आहे ते समजून घ्या. तारकर्लीच्या पुढे देवबाग ही वाळूची लांब, अरुंद पट्टी आहे. एका बाजूला अरबी समुद्र, दुसऱ्या बाजूला कर्ली नदी, आणि टोकाला दोघांचा संगम. नदीच्या मुखापलीकडे, दक्षिणेला भोगवे. त्याच्या पुढे निवतीचा किल्ला आणि कडे, मग निवतीचा किनारा. तिथून बाहेर समुद्रात बघितलंत की खडकांचा एक पुंजका आणि त्यावरचं दीपगृह दिसतं. तेच वेंगुर्ला रॉक्स, काही जण बर्न्ट आयलंडही म्हणतात. देवबागहून सुटणाऱ्या बहुतेक होड्या संगम, भोगवे, निवतीचे कडे आणि येताना त्सुनामी आयलंड अशी फेरी मारतात. डॉल्फिन वाटेत दिसले तर दिसले.

आता गुहा. निवतीच्या कड्यांत होडीतून दिसतात त्या कपारी आणि घळी. खडकाला मुळात चीर असते, लाट वर्षानुवर्षं त्याच चिरेत घुसते, आत कोंडलेली हवा दाबली जाते आणि लाट मागे हटली की एकदम सुटते, त्या हिसक्यांनी खडक आतून सैल होत जातो. घळीच्या तोंडाशी होडी उभी असेल तर आतून 'धप्प' असा घुमणारा आवाज येतो तो याच हवेचा. मुलीला तो आवाज ऐकवा, लहान मुलांना तो फार आवडतो.

खरीखुरी गुहा हवी असेल तर ती वेंगुर्ला रॉक्सला आहे, पण या वेळी तिथे जाऊ नका असंच मी सांगेन. तो उघडा समुद्र आहे, आडोसा काही नाही, होडी पूर्णवेळ हलते आणि तुमच्या आईवडिलांना ते सोसणार नाही. दीपगृहाच्या खडकावर परवानगीशिवाय उतरताही येत नाही. आणखी एक कारण आहे, आणि माझ्या दृष्टीने ते जास्त मोठं आहे: त्या गुहा पाकोळ्यांच्या, म्हणजे स्विफ्टलेट पक्ष्यांच्या आहेत. ही भारतीय पाकोळी आपल्या लाळेने गुहेच्या भिंतीला वाटीसारखं घरटं चिकटवते. पूर्वेकडच्या देशांत या घरट्यांचं सूप करतात आणि त्याला प्रचंड किंमत मिळते, म्हणून इथली घरटी खरवडून चोरून बाहेर पाठवली जात होती. चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र या संस्थेने त्याविरुद्ध काम केलं, तेव्हा कुठे पक्ष्यांना थोडा निवांतपणा मिळाला. पक्षी अभ्यासक हुमायून अब्दुलअली यांनी १९४०च्या दशकाच्या सुरुवातीला इथल्या पाकोळ्या आणि सुरय (टर्न) पक्ष्यांवर लिहून ठेवलंय, म्हणजे ही वस्ती आजची नाही. अंधाऱ्या गुहेत पाकोळी आवाज काढून त्याच्या प्रतिध्वनीवर वाट काढते. फणीच्या दातांवरून नख फिरवल्यासारखा तो आवाज माणसाच्या कानालाही ऐकू येतो. विणीचे दिवस साधारण फेब्रुवारी-मार्चपासून सुरू होतात. त्या काळात होडीचं इंजिन, टॉर्च आणि आरडाओरडा घेऊन गुहेत शिरणं म्हणजे सरळ अंडी-पिल्लांवर उठणं आहे. कुणी 'गुहेच्या आत नेतो' म्हणालं, तर ती होडी नको.

आता भरतीचा हिशोब. आमच्याकडे जुनी माणसं घड्याळाआधी तिथी विचारतात. तिथीला ३ने गुणा आणि ४ने भागा, येईल ती भरतीची वेळ. एकादशी असेल तर ११ त्रिक ३३, भागिले ४, म्हणजे सव्वाआठ. शुक्ल पक्ष असो की कृष्ण, हिशोब तोच. मुंबईकडे हा चांगला बसतो. भरती आपल्या किनाऱ्यावर दक्षिणेकडून उत्तरेकडे सरकते, त्यामुळे मालवणला ती मुंबईच्या साधारण तासभर आधी येते. म्हणजे एकादशीला इथे सव्वासातच्या सुमारास पाणी भरलेलं असेल. भरतीनंतर सहा-सव्वासहा तासांनी पूर्ण ओहोटी. नेमक्या वेळा हव्या असतील तर भरती-ओहोटीचं तयार कोष्टक बघा, पण दिवस निवडायला हा हिशोब पुरतो.

अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास उधाण असतं, पाणी जास्त चढतं आणि जास्त उतरतं. अष्टमीनंतरच्या दोन-तीन दिवसांत भांग असतो, तेव्हा पाणी कमीत कमी हलतं. मालवणला मुंबईइतका फरक पडत नाही, जवळपास निम्माच असतो, तरी कर्लीच्या मुखाशी तो चांगला जाणवतो. तिथे वाळूचा उथळ पट्टा आहे आणि तो दरवर्षी जागा बदलतो. उधाणाच्या ओहोटीला नदीचं सगळं पाणी जोरात बाहेर पडतं, समोरून समुद्राची लाट येते, आणि दोघांची गाठ पडते त्या जागी लाट उभी राहून फुटते. होडीला या सफरीत खरा धोका कुठे असेल तर या दोनशे-तीनशे पावलांच्या पाण्यात. एरवी शांत वाटणारा तांडेलही तिथे बोलायचा थांबतो. इंजिन जवळजवळ बंद करून दोन-तीन मोठ्या लाटा जाऊ देतो आणि मधल्या सपाट पाण्यात होडी काढतो. त्या मिनिटात त्याच्याशी बोलू नका, सेल्फीसाठी उभे राहू नका, मुलीला मध्ये, खाली बसवा.

म्हणून तुमच्यासाठी दशमी ते द्वादशी हे दिवस उत्तम. सकाळी सातच्या सुमारास भरलेल्या पाण्यातून मुख ओलांडायचं, दहा-साडेदहाला परत आत यायचं. तोवर पाणी उतरू लागलेलं असतं आणि त्सुनामी आयलंडची वाळू उघडी पडते. नदीतला हा वाळूचा दांडा २००४च्या त्सुनामीनंतर वर आला असं सगळे सांगतात, नाव त्यावरूनच. भरतीला त्यावर पाणी असतं, ओहोटीला फिरता येतं. आईबाबांना तिथे वाळूत बसायला छान वाटेल. मात्र बनाना राइड आणि जेट स्कीची गर्दी तिथेच असते, तेव्हा मुलीला काठाकाठाने नेऊ नका.

सकाळच लागते याचं दुसरं कारण वारा. शाळेत आपण मतलई वारे आणि खारे वारे शिकलो, ते इथे डोळ्यांनी दिसतात. पहाटे वारा जमिनीकडून समुद्राकडे हलका वाहतो आणि पाणी तेलासारखं सपाट असतं. अकरा-बारानंतर समुद्राकडून वारा सुटतो, लहान लाटा उठतात, आणि परतीच्या वाटेवर सगळे भिजतात. माझा मामा सांगायचा, "वारो सुटलो काय परतूक त्रास होतलो." जानेवारीत वारा मार्च-एप्रिलइतका जोराचा नसतो, पण दुपारी तो येतोच. हॉटेलवाले तुम्हाला नाश्ता करून दहाला निघा म्हणतील. ऐकू नका.

यात एक तोटा आहे तो सांगायलाच हवा. निवतीचे पिवळे कडे, ज्यांना हल्ली गोल्डन रॉक्स म्हणतात, ते पश्चिमेकडे तोंड करून आहेत. सकाळी ते सावलीत असतात आणि फोटोत दिसतो तसा सोनेरी रंग मिळत नाही. त्यासाठी उगाच संध्याकाळची होडी घेऊ नका. त्याच दिवशी दुपारी झोप काढून गाडीने निवतीला जा. किल्ल्याजवळपर्यंत गाडी जाते, थोडंसं चालायला लागतं, आणि वरून भोगव्याचा सगळा किनारा, कडे आणि लांबवरचं दीपगृह एकाच नजरेत येतं. सूर्यास्त तिथूनच बघा.

होडी ठरवताना तांडेलाशी स्वतः बोला, मधल्या माणसाशी नको. भाडं बहुधा माणशी नसून अख्ख्या होडीचं असतं, त्यामुळे तुम्ही पाच-सहाजण असाल तर होडी स्वतःपुरतीच घ्या, अनोळखी दहाजणांत बसू नका. तुमच्या मुलीच्या मापाचं लाइफ जॅकेट आहे का हे आदल्या संध्याकाळीच बघा. मोठ्यांचं जॅकेट लहान मुलाला घातलं तर पाण्यात पडल्यावर ते वर सरकतं आणि मूल खाली राहतं. पट्टे आवळून तिला खांद्यांपाशी जॅकेट धरून उचलून बघा, हनुवटीपर्यंत सरकलं तर ते चालणार नाही. होडीवर नोंदणी क्रमांक हवा आणि किती माणसं बसवायची परवानगी आहे ते माहीत हवं. २४ मे २०२२ला तारकर्लीला स्कूबा करून परतणारी पर्यटकांची होडी उलटून दोघांचा जीव गेला होता. पावसाळ्याच्या तोंडावर, वारा वाढलेला असताना समुद्रात जाणं किती महागात पडतं ते तेव्हा सगळ्यांनी बघितलं. साधारण २६ मे ते ३१ ऑगस्ट जलपर्यटन अधिकृतपणे बंद असतं, त्या काळात कुणी गुपचूप नेतो म्हणालं तरी जायचं नाही.

जानेवारीत आकाश निरभ्र असतानाही कधीकधी लांबून आलेल्या संथ, मोठ्या लाटा असतात. पाणी सपाट दिसतं, पण खडकापाशी ते मीटरभर वर चढतं आणि तेवढंच खाली जातं. हैदराबादची इन्कॉइस ही सरकारी संस्था लाटांचा अंदाज आणि इशारे रोज देते, आदल्या रात्री तो बघून ठेवा. अशा दिवशी चांगला तांडेल कड्याजवळ जात नाही, आणि गेला तरी होडीची नाळ, म्हणजे पुढचं टोक, लाटेकडे ठेवून मागे मागे सरकतो, म्हणजे गरज पडली तर सरळ बाहेर पडता येतं. त्याने 'आज जवळ नको' म्हटलं तर पैसे दिलेत म्हणून आग्रह धरू नका.

भोगव्याला धक्का नाही. गुडघाभर पाण्यात उतरून चालत किनाऱ्यावर जायचं. आईंना गुडघ्याचा त्रास असेल तर त्या होडीतच बसल्या तरी काही बिघडत नाही, किंवा होडी वाळूला लागल्यावर खलाशी हात देतो, लाट परतत असताना उतरायचं. निवतीला कधी कधी रापण ओढत असतात. दोन्ही बाजूंनी माणसं दोर खांद्यावर घेऊन एका लयीत जाळं किनाऱ्याला आणतात. मुलीला ते दाखवाच, पण दोर ओलांडू नका आणि जाळ्यातली मासळी हाताळू नका. विकत घ्यायची असेल तर वाटणी होईपर्यंत थांबा.

डॉल्फिन दिसले की होड्या चारी बाजूंनी धावतात, हे बघून मला फार वाईट वाटतं. इथले कुबड असलेले डॉल्फिन किनाऱ्यालगत, नदीच्या मुखापाशीच राहतात, त्यांना पळायला दुसरी जागा नाही. तांडेलाला सांगा, इंजिन बंद कर, आम्ही थांबतो. पाचेक मिनिटं थांबलं की ते बरेचदा स्वतःच जवळ वर येतात. हिवाळ्यात पाहुणे आलेल्या कुरव (सीगल) पक्ष्यांना शेव-फरसाण टाकायची एक वाईट सवय लागली आहे, तुमच्या मुलीने हट्ट केला तरी देऊ नका.

रिकाम्या पोटी निघू नका, पोट भरूनही नको. एक-दोन घावणे आणि चहा पुरे. गाडी लागत असेल तर होडीही लागते. डॉक्टरांना विचारून गोळी निघण्याआधी अर्धा-पाऊण तास घ्यावी लागते, मळमळ सुरू झाल्यावर घेऊन उपयोग नाही. होडीत बाथरूम नसतं, याचा विचार आईबाबांसाठी आधीच करा. टोपीला दोरी हवी, आणि वडील रक्तदाबाची किंवा इतर गोळी घेत असतील तर त्या दिवशी ती चुकवू नका, पाणीही कमी पिऊ नका.

बोटीत बसायला आईंचं मन अजिबात तयार नसेल, तर येताना किंवा जाताना गुहागर तालुक्यात हेदवीला थांबा. गणपतीचं देऊळ आहेच, आणि किनाऱ्यावर बामणघळ आहे. खडकातल्या अरुंद घळीत भरतीची लाट शिरते आणि उसळून वर येते, ते सगळं कोरड्या पायांनी बघता येतं. तिथे भरतीच्या वेळीच जायचं, आणि ओल्या खडकावर पुढे जायचं नाही.

तुमच्या नेमक्या तारखा इथे लिहा, तिथी बघून कुठल्या सकाळी किती वाजता निघावं ते सांगतो.