भुईकान आणि वाळवी

प्रश्न : माझ्या काल्पनिक कादंबरीत दोन गावं मडक्यात वाढवलेल्या बुरशीतून बोलतात. या यंत्राला मी ‘भुईकान’ म्हणतो. इकडे बोललं की तिकडे घंटी वाजते आणि लगेच ऐकू येतं; सुईणीलाही असंच बोलावणं जातं. मित्र म्हणतो, हा तर मातीचा मोबाईल झाला. काय बदलू?
– एक वाचक, महाल, नागपूर

उत्तर : मित्राचं ऐका. आधी ‘लगेच’ खोडा. बुरशीच्या तंतूंत विजेचे बारीक ठोके खरंच उमटतात. २०२२ साली संशोधक अँड्र्यू ॲडमात्झ्की यांनी चार जातींत ते मोजले, तर एकेक ठोका १ ते २१ तासांचा निघाला. ती भाषा म्हणायची का, हा वेगळा वाद. पण तुमच्या सुईणीला ‘ये’ एवढा निरोप पोचायला अख्खी रात्र लागू द्या, मग बघा प्रकरण कसं रंगतं!

माझं आजोळ भंडाऱ्याकडचं. पहिल्या पावसानंतर आजी वारुळावरच्या सात्या, म्हणजे रानातली अळंबी, ओटीत भरून आणायची. कढईत त्यांना पाणी सुटलं की घरभर ओल्या मातीचा वास. वारुळात या बुरशीला वाळवीच पोसते आणि तीच तिला खातेही. मग तुमचा निरोप वाटेत वाळवीने कुरतडला तर? ‘लग्न मोडलं नाही’ मधलं ‘नाही’ तेवढं गायब!

उन्हाळ्याचं तर नागपूरकराला काय सांगायचं? मे महिन्यात मडकं मुकं पडलंच पाहिजे. भुईकानाची घंटी वाजते ते वाक्य मात्र काढाच, बाप्पा. झाकणावर रातोरात एक पांढरी छत्री उगवली, एवढं पुरे.