इकामा, एमिरेट्स आयडी आणि ग्रामपंचायतीचा दाखला

परदेशी राहण्याच्या परवान्याबद्दल दापोलीपासून मालवणपर्यंतच्या वाचकांनी पाठवलेल्या प्रश्नांना या अंकात उत्तरे देत आहोत. बहुतेक पत्रांत व्हिसा आणि राहण्याचा परवाना एकच समजले गेले आहेत. व्हिसावर तुम्ही त्या देशात पाऊल ठेवता, आणि पुढची वर्षे तिथे राहता ती परवान्यावर. सौदीत तो इकामा, दुबई-अबुधाबीत एमिरेट्स आयडी, कुवेतमध्ये सिव्हिल आयडी. हा परवाना तिकडे पोचल्यावर मिळतो. मात्र त्याला लागणारे कागद इकडे, गावात आणि तालुक्याला तयार होतात, आणि अडतेही तिथेच.

प्रश्न : मुलगा दहावी नापास आहे, वेल्डिंगचे काम चांगले येते. एजंट म्हणतो, व्हिजिट व्हिसावर दुबईला पाठवतो, महिन्याभरात तिकडेच वर्क व्हिसात बदलून देतो. ८० हजार मागतो आहे. पाठवावे का? – एक वाचक, दापोली

या मार्गाने पाठवू नका.

आधी मुलाचा पासपोर्ट उघडून पाहा. दहावी पास नसलेल्यांच्या पासपोर्टवर सहसा 'एमिग्रेशन चेक रिक्वायर्ड', म्हणजे ईसीआर असा शेरा असतो. असा पासपोर्ट असलेल्या माणसाला १८ ठरावीक देशांत नोकरीसाठी जाताना 'प्रोटेक्टर ऑफ एमिग्रंट्स' या सरकारी अधिकाऱ्याची मंजुरी लागते. सौदी, अमिराती, कुवेत, कतार, ओमान, बहारीन हे सगळे त्या यादीत आहेत. मंजुरीचे काम 'ई-मायग्रेट' या सरकारी पोर्टलवर चालते. तिथे मालकाची नोंद होते, करारातला पगार, राहण्याची सोय आणि कामाचे स्वरूप नोंदले जाते. माणसाचा 'प्रवासी भारतीय बिमा योजने'चा विमाही याच टप्प्यावर उतरतो. दोन वर्षांचा हप्ता २७५ रुपये, तीन वर्षांचा ३७५, आणि अपघाती मृत्यू किंवा कायमचे अपंगत्व आल्यास १० लाखांचे संरक्षण.

ही मंजुरी फक्त नोकरीसाठी जाणाऱ्याला लागते, फिरायला जाणाऱ्याला लागत नाही. म्हणून एजंट व्हिजिट व्हिसाचा रस्ता धरतो. मुंबई विमानतळावर इमिग्रेशनच्या अधिकाऱ्याला ईसीआर पासपोर्ट, कोरी पाने आणि हातात वेल्डिंगचे प्रमाणपत्र दिसले की तो चौकशी करतो, आणि पुष्कळांना तिथूनच परत फिरवले जाते. पुढे सुटलाच तर तिकडे व्हिजिट व्हिसावर काम करणे बेकायदा आहे. मालकाने पगार बुडवला तरी तक्रार कशाच्या आधारे करणार? नोंदवलेला करार नाही, विमा नाही. व्हिजिटची मुदत संपल्यावर अमिरातीत दिवसाला ५० दिरहम दंड चढू लागतो. एजंट म्हणतो तसा व्हिसा तिकडे बदलला गेला, तरी भारताच्या दफ्तरी तुमचा मुलगा पर्यटकच राहतो.

पैशांचेही सांगतो. परवानाधारक रिक्रूटिंग एजंटला उमेदवाराकडून जास्तीत जास्त ३० हजार रुपये आणि त्यावरचा जीएसटी घेता येतो, पावती देऊन. ८० हजार मागणाऱ्याचा परवाना क्रमांक विचारा आणि तो ई-मायग्रेटवर तपासा. मुंबईतल्या मोठ्या एजन्सीचा 'सब-एजंट' आहे असे सांगून तालुक्याला पैसे गोळा करणाऱ्याच्या स्वतःच्या नावावर परवाना नसेल, तर त्याच्याशी व्यवहार नको. 'आझाद व्हिसा' म्हणून जे विकले जाते ते तर पूर्ण टाळा. त्यात कफील, म्हणजे ज्याच्या नावावर परवाना निघतो तो मालक, एक आणि काम दुसरीकडे असते, आणि कफिलाने 'पळून गेला' अशी नोंद केली की परवाना जागच्या जागी निकामी होतो.

मुलाचे वय लहान असेल तर आणखी एक सरळ मार्ग आहे. दहावीची परीक्षा पुन्हा देऊन पास व्हायचे आणि मग ईसीआर शेरा नसलेला पासपोर्ट पुन्हा काढायचा. एक वर्ष जाते, पण पुढची तीस वर्षे सोपी होतात. शंका असल्यास प्रवासी भारतीय सहायता केंद्राच्या १८०० ११ ३०९० या निःशुल्क क्रमांकावर विचारता येते.

प्रश्न : आमच्या ह्यांना अबुधाबीच्या कंपनीचे ऑफर लेटर आले आहे. पोचल्यावर राहण्याचा परवाना हातात येईपर्यंत नेमके काय काय होते? – एक वाचक, चिपळूण

कंपनी आधी नोकरीचा एंट्री परमिट पाठवते. देशात शिरल्यापासून त्यावर ६० दिवस मिळतात, आणि बाकी सगळे तेवढ्यात उरकायचे असते. पहिली मेडिकल : रक्ताची एचआयव्ही तपासणी आणि क्षयासाठी छातीचा एक्स-रे. मग एमिरेट्स आयडीसाठी बोटांचे ठसे आणि फोटो. त्याच सुमारास कामगार मंत्रालयाच्या नमुन्यातल्या करारावर सही होते. हे जुळले की सहसा दोन वर्षांचा रहिवास मंजूर होतो. २०२२ पासून पासपोर्टवर गुलाबी स्टिकर लावत नाहीत. एमिरेट्स आयडी हेच रहिवासाचे ओळखपत्र. त्यामुळे 'पासपोर्टवर काहीच शिक्का नाही' म्हणून घाबरू नका.

तीन ठिकाणी लक्ष ठेवायला सांगा. ऑफर लेटरमधला मूळ पगार आणि करारातला मूळ पगार एकच हवा, कारण सेवासमाप्तीची रक्कम मूळ पगारावर निघते आणि भत्ते त्यात धरत नाहीत. दुसरे, २०२१ च्या कामगार कायद्याप्रमाणे भरतीचा आणि परवान्याचा खर्च मालकाचा असतो. तो पगारातून कापणे चूक. तिसरे, मालकाने पासपोर्ट 'सांभाळायला' ठेवून घेणे तिथे कायद्याला मान्य नाही. मागितला तर कामापुरता द्यावा आणि परत घ्यावा.

प्रश्न : जानेवारीत निकाह झाला. नवरा शारजात आहे, मला बोलावणार आहे. ग्रामपंचायतीत नोंदणी केली आहे. माझ्या पासपोर्टवर माहेरचे नाव आहे, ते बदलावे का? अटेस्टेशन कुठून सुरू करायचे? – एक वाचक, म्हसळा

पासपोर्टवरचे नाव बदलण्याची गरज नाही. माहेरच्या नावाने बायकोचा रहिवास निघतो. अडते ते अक्षरांवर. ग्रामसेवकाने दिलेल्या विवाह नोंदणीच्या दाखल्यात, म्हणजे नमुना 'ई' मध्ये, तुम्हा दोघांची इंग्रजी नावे पासपोर्टप्रमाणे अक्षर-न्-अक्षर हवीत. पासपोर्टवर वडिलांचे नाव एका स्पेलिंगने आणि दाखल्यात दुसऱ्या, मग शारजात फाइल परत येते आणि गावच्या चुकीची दुरुस्ती पुन्हा गावातूनच होते. म्हणून पुढे जाण्याआधी दाखला आणि दोन्ही पासपोर्ट शेजारी ठेवून वाचा. जन्मतारखाही तपासा. दाखला फक्त मराठीत असेल तर मराठी-इंग्रजी असा घ्या. निकाहनामा जवळ असला तरी नोंदणीचा दाखलाच पुढे करा.

मग क्रम असा : आधी मुंबईत राज्य शासनाचे प्रमाणीकरण, त्यावर परराष्ट्र मंत्रालयाचा शिक्का, त्यानंतर अमिरातीच्या वकिलातीचा, आणि शेवटी नवरा तिकडे त्यांच्या परराष्ट्र मंत्रालयाकडून शिक्का घेतो. प्रत्येक शिक्का आधीच्या शिक्क्याची खात्री देतो, त्यामुळे क्रम उलटा चालत नाही. परराष्ट्र मंत्रालय कागद थेट घेत नाही. नेमलेल्या एजन्सींमार्फत द्यावा लागतो. अपोस्टिल म्हणजे करारातले देश एकमेकांचे कागद ज्या एकाच शिक्क्यावर मानतात तो शिक्का. 'अपोस्टिल करून देतो' म्हणणाऱ्याकडे अमिरातीसाठी पैसे घालवू नका. अमिराती, कुवेत आणि कतार अपोस्टिल करारात नाहीत. ओमान आणि बहारीन आहेत, आणि सौदी २०२२ च्या डिसेंबरपासून आला, म्हणून त्या तीन देशांसाठी वकिलातीचा शिक्का न लागता अपोस्टिल चालते.

एक गोष्ट कोकणात फार घडते. पावसात कागदाला बुरशी लागते म्हणून दाखला हौसेने लॅमिनेट केला जातो. शिक्के दाखल्याच्या मागे मारतात, त्यामुळे लॅमिनेट केलेला कागद घेत नाहीत. प्लास्टिकच्या साध्या पिशवीत ठेवा. लॅमिनेट झालाच असेल तर सोलत बसू नका, नवी प्रत काढा.

नवऱ्याच्या बाजूने पगार किमान ४,००० दिरहम हवा, किंवा कंपनीची राहण्याची जागा असेल तर ३,०००. हा आकडा नोंदवलेल्या करारातला धरतात. ओव्हरटाइम धरून हातात ५,००० येतात, पण करारात २,५०० लिहिलेत, तर अर्ज अडतो. शिवाय त्याच्या नावाचा नोंदणीकृत भाडेकरार लागतो. चौघांत मिळून घेतलेल्या खोलीतली एक खाट पुरत नाही. हे सगळे तयार आहे का, ते अटेस्टेशनवर खर्च करण्याआधी त्याला विचारा.

आणखी एक : पासपोर्टवर नावाच्या रकान्यात एकच शब्द आणि आडनावाचा रकाना रिकामा असेल, तर २०२२ च्या नोव्हेंबरपासून अमिराती अशा पासपोर्टवर व्हिजिट व्हिसा देताना अडवते. तुमच्याबरोबर सासूबाई भेटीला येणार असतील तर त्यांचा पासपोर्ट आजच पाहून घ्या. जुन्या पासपोर्टांत हे बऱ्याचदा आढळते.

प्रश्न : सात वर्षांपूर्वी टीबीचा कोर्स पूर्ण केला. आता तब्येत ठणठणीत आहे. कुवेतच्या मेडिकलमध्ये अडचण येईल का? – एक वाचक, गुहागर

येऊ शकते. आजार बरा झाला तरी फुप्फुसावर डाग राहतो, आणि एक्स-रेत तो दिसला की 'अनफिट' शेरा पडू शकतो. कुवेत, सौदी यांची इकडची तपासणी 'वाफिद' या सामाईक यंत्रणेतून होते (जुने लोक हिला 'गामका' म्हणतात), म्हणून तिथला शेरा एका देशापुरता राहत नाही. त्यामुळे एजंटला पैसे देण्यापूर्वी, नोकरी सोडण्यापूर्वी, खाजगीत छातीचा एक्स-रे काढून छातीच्या डॉक्टरांना दाखवा. डाग नसेल तर निर्धास्त जा. असेल तर उपचार पूर्ण केल्याचे कागद आणि जुने एक्स-रे जवळ ठेवा, पण त्यावर कर्ज काढू नका. एक्स-रे 'मॅनेज' करून देणाऱ्यांना दारात उभे करू नका. तिकडे पोचल्यावर पुन्हा एक्स-रे निघतो आणि तिथून परत पाठवतात. कतारसाठी पद्धत वेगळी आहे : मेडिकल, बोटांचे ठसे आणि करारावरची सही मुंबईतल्या कतार व्हिसा केंद्रातच होते.

प्रश्न : मुलगी जीएनएम (नर्सिंगची पदविका) झाली आहे, जर्मनीला नर्स म्हणून जायचे म्हणते. तिथला राहण्याचा परवाना कसा मिळतो? – एक वाचक, रत्नागिरी

तिथे मालकापेक्षा तिच्या पदविकेला मान्यता मिळणे महत्त्वाचे. ती ज्या राज्यात काम करणार तिथले खाते तिच्या अभ्यासक्रमाची तुलना करते आणि बहुधा 'एवढे कमी पडते' असे पत्र देते. उरलेला भाग तिकडे प्रशिक्षणाने किंवा परीक्षेने पूर्ण करायचा. म्हणून कॉलेजकडून विषयवार तास आणि वॉर्डातल्या प्रात्यक्षिकांचे तास लिहिलेला तपशील आत्ताच मागून घ्या. नुसत्या गुणपत्रिकेने तुलना होत नाही आणि कमतरता उगाच मोठी दिसते. जर्मन भाषा बी-१ या मधल्या पातळीपर्यंत इकडेच यायला हवी. पूर्ण मान्यतेला सहसा बी-२ लागते.

मुंबईहून राष्ट्रीय व्हिसा मिळतो, फी ७५ युरो. पोचल्यावर घरात राहायला गेल्यापासून दोन आठवड्यांत पत्त्याची नोंदणी करायची. त्यासाठी घरमालकाचे सही केलेले पत्र लागते. 'पत्र देणार नाही' म्हणणारी खोली घेऊ नये, कारण पत्त्याशिवाय पुढचे काहीच हलत नाही. मग व्हिसा संपण्याच्या बरेच आधी परदेशी नागरिकांच्या कार्यालयात रहिवासाचा अर्ज. मोठ्या शहरांत तारीख मिळायला महिने लागतात, पण मुदतीत अर्ज केला असेल तर तेवढ्या काळासाठी तात्पुरते पत्र मिळते. त्या पत्रावर रहिवास कायद्याच्या ८१ व्या कलमाचे कोणते उपकलम खुणावले आहे ते पाहायचे. चौथे असेल तर घरी येऊन परत जाता येते. तिसरे असेल तर जर्मनीबाहेर पडल्यावर त्या पत्रावर परत शिरता येत नाही. गणपतीला यायचे तिकीट काढण्यापूर्वी हे बघायला सांगा.

पूर्ण मान्यता मिळून कुशल कामगाराचा परवाना झाला की, मार्च २०२४ पासूनच्या नियमाने, तीन वर्षांनी कायमच्या रहिवासाचा अर्ज करता येतो. त्यात पेन्शनचे ३६ मासिक हप्ते भरलेले दिसावे लागतात.

प्रश्न : वडिलांच्या आजारपणासाठी भाऊ दुबईहून आला आहे. किती दिवस राहू शकतो? – एक वाचक, मालवण

अमिरातीबाहेर सलग सहा महिने झाले की साधारण रहिवास आपोआप रद्द होतो. गोल्डन व्हिसावाल्यांना, म्हणजे दीर्घ मुदतीचा खास रहिवास असलेल्यांना, ही अट नाही. कुवेतलाही सहा महिनेच. दाखवायला म्हणून चार दिवस जाऊन आले तरी मोजणी नव्याने सुरू होते. मुदत उलटूनच गेली तर आजारपणाचे वैद्यकीय कागद जोडून पुन्हा प्रवेशाची परवानगी मागता येते, म्हणून हॉस्पिटलचे तारीखवार कागद जपा. सौदीचे वेगळे : तिथे एक्झिट-री-एंट्रीवर, म्हणजे बाहेर जाऊन परत येण्याच्या परवानगीवर, लिहिलेली तारीख हीच मर्यादा, आणि ती संपण्याआधी मालकाने ऑनलाइन वाढवायची.

प्रश्न : शारजात नातवाचा जन्म झाला. काय करावे लागेल? – एक वाचक, मुरूड

जन्मदाखला, मग भारतीय वाणिज्य दूतावासात जन्माची नोंद आणि पासपोर्ट, मग रहिवास. रहिवासाला जन्मापासून १२० दिवस मिळतात. दूतावासातली नोंद एका वर्षाच्या आत झालीच पाहिजे. त्यानंतर भारतीय नागरिकत्वासाठी केंद्र सरकारची परवानगी लागते.

प्रश्न : मुलाचा कतारचा परवाना झाला. आता त्याच्या नावावरची हापूसची बाग जाईल का? – एक वाचक, देवगड

जाणार नाही. भारतात असताना घेतलेली किंवा वारसाने आलेली शेतजमीन अनिवासी भारतीयाकडे राहू शकते. नवी शेतजमीन किंवा फार्महाउस मात्र विकत घेता येत नाही, म्हणून शेजारची बाग त्याच्या नावाने घेण्याचा बेत असेल तर थांबवा. बँकेला कळवून त्याचे बचत खाते एनआरओ, म्हणजे अनिवासी भारतीयाचे इथल्या उत्पन्नाचे खाते, करून घ्या. बागेच्या कामांसाठी कुलमुखत्यारपत्र लागले तर ते दोहाच्या भारतीय दूतावासात सही-साक्षांकित करून पाठवायला सांगा, आणि कागद महाराष्ट्रात पोचल्यापासून तीन महिन्यांच्या आत त्यावर मुद्रांक शुल्क भरा.