स्टन ग्रेनेड खरोखर निरुपद्रवी असतो का?

प्रश्न दोन आहेत: स्टन ग्रेनेड, म्हणजे झगझगीत प्रकाश आणि आवाजाने काही क्षण बधिर करणारा ‘फ्लॅशबँग’, जीवघेणा नसतो हे खरे का, आणि तसे असेल तर रानडुकरे हुसकावण्यासाठी शेतकऱ्याला तो परवान्यावर मिळू शकेल का. दुसऱ्याचे उत्तर ‘नाही’ असे आहे. पण ते तसे का, हे पहिल्याच्या उत्तरावाचून कळणार नाही.

नेहमीचा हातबॉम्ब फुटला की त्याच्या कवचाचे तुकडे उडतात आणि तेच माणसे मारतात. स्टन ग्रेनेडचे कवच मात्र फुटू नये अशाच बेताने बनवलेले असते. आतली धातूची भुकटी क्षणार्धात जळते आणि कवचाच्या भोकांतून झगझगीत प्रकाश व प्रचंड आवाज बाहेर पडतो. अमेरिकी सैन्याच्या एम-84 या ग्रेनेडचा आवाज दीड मीटरवर 170 ते 180 डेसिबल भरतो. आपल्याकडे फटाक्यांना चार मीटरवर कमाल 145 डेसिबलची मर्यादा आहे. अंतराचा फरक जमेस धरला तरी ग्रेनेडच्या आवाजाचा दाब सुतळी बॉम्बला मुभा असलेल्या दाबाच्या कित्येक पट होतो. काही सेकंद डोळ्यांपुढे पांढऱ्या डागाखेरीज काही दिसत नाही, कान बधिर होतात, आणि तेवढ्या अवधीत पोलिसांच्या किंवा कमांडोंच्या पथकाने आत शिरायचे असते.

हे साधन ब्रिटनच्या एसएएस या कमांडो दलासाठी 1970 च्या दशकात तयार झाले ते ओलिसांच्या सुटकेसाठी. 1977 मध्ये मोगादिशूला लुफ्तान्साचे अपहृत विमान जर्मन कमांडोंनी सोडवले, तेव्हा हे ग्रेनेड घेऊन एसएएसचे दोन जण सोबत होते. 1980 मध्ये लंडनच्या इराणी दूतावासातली कारवाईही यशस्वी ठरली, पण तिथे पडद्यांनी पेट घेतला आणि दोरात अडकलेला एक सैनिक भाजला. धोक्याचे मूळ इथेच दिसते: कवच फुटत नसले तरी आतली ज्वाला खरीच असते, आणि ती कशावर पडेल हे फेकणाऱ्याला बहुधा दिसत नसते.

2014 मध्ये अमेरिकेतल्या जॉर्जिया राज्यात अमली पदार्थांच्या संशयावरून टाकलेल्या छाप्यात असा ग्रेनेड 19 महिन्यांच्या बाळाच्या पाळण्यात पडला. बाळाचा चेहरा आणि छाती गंभीर भाजली. ज्याला शोधायचे होते तो इसम घरात नव्हताच. याआधी दहा वर्षे, 2004 मध्ये, ‘बॉइड विरुद्ध बेंटन काउंटी’ खटल्यात अमेरिकेच्याच एका संघीय अपील न्यायालयाने स्पष्ट केले होते की, निरपराध माणसे असलेल्या खोलीत सबळ कारण नसताना, पर्यायांचा विचार आणि इजा टाळण्याची खबरदारी न घेता, न पाहता ग्रेनेड टाकणे हा वाजवी बळाचा वापर ठरू शकत नाही. माझ्या मते या विषयावरचा सर्वांत उपयुक्त निकष हाच आहे. तो पोलिसांचे हात बांधत नाही, फक्त आधी पाहायला सांगतो.

जमावावर असली साधने वापरण्याबद्दल माझे मत अधिक कठोर आहे. फ्रान्समध्ये जीएलआय-एफ4 या ग्रेनेडमध्ये अश्रुधुराबरोबर सुमारे 25 ग्रॅम टीएनटी हे स्फोटक असे. 2018-19 च्या ‘पिवळ्या जाकिटां’च्या आंदोलनात काही निदर्शकांनी त्यामुळे हात गमावले, आणि जानेवारी 2020 मध्ये सरकारने तो मागे घेतला. बंद खोलीतल्या सशस्त्र माणसाला गोंधळवण्याचे गणित मोकळ्या चौकात लागू पडत नाही, कारण तिथे घाबरलेली गर्दी कोणत्याही दिशेला धावू शकते.

आता शेताचा प्रश्न. शस्त्र अधिनियम 1959 च्या व्याख्येनुसार ग्रेनेड निषिद्ध दारूगोळ्यात मोडतात, आणि केंद्र सरकारच्या विशेष परवानगीवाचून तो बाळगता येत नाही. 2019 च्या दुरुस्तीनंतर बेकायदा बाळगण्याची शिक्षा किमान सात वर्षे कारावास आहे. विहिरीच्या किंवा खाणीच्या सुरुंगासाठी, नागपूरला मुख्यालय असलेल्या ‘पेसो’ या केंद्राच्या स्फोटक सुरक्षा संस्थेच्या नियमांखाली मिळणारा स्फोटकांचा परवाना वेगळा, त्याने ही मनाई उठत नाही. देशात सीमा सुरक्षा दलाच्या टेकनपूर येथील कारखान्यात स्टन ग्रेनेड बनतात, ते सुरक्षा दलांसाठी. तेव्हा समाजमाध्यमांवर कोणी ‘खरा फ्लॅशबँग’ विकत असेल, तर त्या व्यवहारात विकणाऱ्याइतकाच घेणाराही अडकतो.

आणि पोलिसांच्या किंवा लष्कराच्या सराव मैदानाजवळ न फुटलेला नळकांडा सापडला, तर तो उचलून पाहू नये. लांबूनच 112 वर कळवावे.