लेखक मेला, मग मूळ पोथी कशाला शोधायची?

प्रश्न : मी चांदूर बाजार तालुक्यातल्या एका खेड्यातली. बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला आहे, विषय मराठी वाङ्मय. समीक्षेच्या पेपरात 'लेखकाचा मृत्यू' शिकवतात आणि त्याच वर्षी प्राचीन साहित्याला मूळ संहिता कशी ठरवायची ते सांगतात. दोन्ही एकदम खरं कसं? मला हाच विषय पुढे घ्यायचा आहे. बाबांची चार एकर कोरडवाहू आहे. 'दोन वर्षं शिकवतो, पुढचं तुझं तू पाहा,' असं ते म्हणतात. यावर पोट भरतं का?

उत्तर : आधी विषयाचं बोलू. तो नीट कळला, की पोटाचं गणितही सोपं होतं.

'लेखकाचा मृत्यू' हा रोलां बार्त या फ्रेंच समीक्षकाचा निबंध, १९६७चा. अर्थ ठरवताना लेखकाच्या हेतूला शेवटचा निवाडा मानू नका, संहिता वाचकापाशी येऊन एकवटते, असा त्याचा रोख आहे. परीक्षेत मुलं त्याचं 'वाचकाने वाटेल तो अर्थ काढावा' असं करून टाकतात आणि मार्क घालवतात. शब्दाचा त्या काळचा वापर, व्याकरण, संदर्भ यांची वेसण वाचकाला असतेच. आपल्या संस्कृत काव्यशास्त्रातल्या ध्वनिसिद्धान्तातही व्यंग्यार्थ, म्हणजे सुचवलेला अर्थ, उभा राहतो तो वाच्यार्थाच्या, म्हणजे शब्दाच्या सरळ अर्थाच्या आधारानेच.

पाठचिकित्सेचा, म्हणजे पोथ्या ताडून मूळ संहिता ठरवण्याचा, प्रश्न वेगळा आहे. अर्थ काय, त्याच्या आधी ती विचारते की शब्द नेमके कोणते होते. एकोणिसाव्या शतकातल्या कार्ल लाखमान या जर्मन अभ्यासकाच्या नावाने ओळखली जाणारी पद्धत सामाईक चुकांवर चालते. दोन पोथ्यांत एकच विचित्र चूक असेल, तर बहुधा दोघी एकाच आधीच्या प्रतीवरून उतरल्या. दोघींत बरोबर शब्द सारखाच असला, तर त्यावरून नातं सिद्ध होत नाही. बरोबर शब्द कुठूनही येऊ शकतो. इथे भलेभले घसरतात.

हे दोन रस्ते जिथे मिळतात ते ठिकाण तुझ्या शेजारच्या मोर्शी तालुक्यात आहे. रिद्धपूरला म्हाइंभटांनी महानुभाव पंथाच्या चक्रधरस्वामींच्या लीळा, म्हणजे आठवणी, जमवल्या. तेच लीळाचरित्र. चक्रधर बोलले, भक्तांनी लक्षात ठेवलं, म्हाइंभटांनी विचारून विचारून लिहिलं. ती पोथी धामधुमीत गेली आणि पुढच्या शिष्यांनी आठवणीतून पुन्हा लिहिली, असं परंपरा सांगते. म्हणून लीळाचरित्राचे वेगवेगळे पाठ, म्हणजे शब्दांत फरक असलेली रूपं, चालत आले. आता सांग, यात लेखक कोण? आणि 'मूळ' म्हणजे कोणत्या टप्प्यावरचं? तुझी समीक्षा आणि तुझी पोथी इथे एकाच टेबलावर येतात, कारण पोथीची नक्कल करणारा हा आधी वाचकच असतो. त्याला जे कळलं ते तो लिहितो. त्याचा पाठभेद म्हणजे त्याच्या वाचनाची लेखी नोंद.

एक बनवलेला नमुना घे. एका पोथीत 'गोसावीं तेथौनि बीजें केलें', दुसरीत 'गोसावी तेथौनि गेले'. गोसावी म्हणजे चक्रधर, आणि 'बीजें केलें' हे 'गेले'चंच आदरार्थी रूप. अवघड पाठ आधीचा, हा नियम सगळ्यांना पाठ असतो: नकलाकार अनोळखी शब्दाच्या जागी ओळखीचा घालतो, उलटं कमी घडतं. पण महानुभाव नकलाकाराला 'बीजें केलें' ओळखीचंच. श्रद्धेने साध्या 'गेले'चं त्याने 'बीजें केलें' केलं असेल तर? म्हणून त्याच पोथीत पुढची वीसेक पानं पाहायची. बाकी ठिकाणी तो 'गेले' तसंच ठेवतो का? ठेवत असेल, तर इथला आदरार्थी शब्द त्याने घातलेला असण्याचा संभव कमी. नियम लावण्याआधी नकलाकाराची सवय ओळखायची, ती अशी.

परीक्षा झाली की हे करून पाहा. ह. ना. नेने, शं. गो. तुळपुळे आणि वि. भि. कोलते अशा तिघांनी लीळाचरित्र संपादलं आहे. कोलते यांची आवृत्ती १९७८ची, राज्याच्या साहित्य आणि संस्कृती मंडळाची. कॉलेजच्या किंवा विद्यापीठाच्या ग्रंथालयात निदान दोन मिळतात का बघ. मिळतील त्या सगळ्यांत सापडेल अशी पंधरावीस ओळींची एकच लीळा निवड. एक प्रत आधाराला धर, तिच्या ओळींना क्रमांक दे आणि वहीत रकाने आख: ओळ, आधारप्रतीचा पाठ, दुसरीचा पाठ, प्रकार. प्रकार चारच: गळलेलं, वाढलेलं, जागा बदललेलं, शब्द बदललेलं. कारणाचा रकाना शेवटी भर. आधी भरलास तर डोळा तेच शोधायला लागतो. छापील आवृत्त्यांतला फरक पोथीचा असेल किंवा संपादकाचा. प्रस्तावनेत त्यांनी कोणत्या पोथ्या वापरल्या ते वाचल्याशिवाय निष्कर्ष काढू नकोस.

खऱ्या पोथीत वेगळ्या अडचणी. शब्द सलग लिहिलेले असतात, त्यामुळे तोडताना चूक होते. घ-ध, थ-य, प-य, व-ब यांची गल्लत नेहमीची, 'ख'चा 'रव' होतो. दोन ओळी एकाच शब्दाने संपत असतील, तर नकलाकाराची नजर उडी मारते आणि मधली ओळ गळते. महानुभावांच्या सांकेतिक लिप्या, सकळा वगैरे, शिकाव्या लागतात. चूक झाकायला पिवळा हरताळ लावलेली जागा दिसली तर थांब. खाली आधीचं अक्षर असतं. मठात पोथी बघायची तर आधी परवानगी घे, फोटोचं वेगळं विचार, आणि बोट ओलं करून पान उलटू नको.

आता पोटाचं. निव्वळ 'संहिता-सिद्धान्त' या नावाने नोकरीची जाहिरात निघत नाही. प्राध्यापकीच्या जागा कमी, आणि तासिका तत्त्वावर घर चालत नाही हे बाबांना स्पष्ट सांग. पण दोन वर्षांत एम.ए. होतं. अमरावती किंवा नागपूर विद्यापीठात कर, नाहीतर रिद्धपूरला झालेल्या मराठी भाषा विद्यापीठाचे अभ्यासक्रम आणि फी तपास, जवळ पडेल. एम.ए.च्या नव्या रचनेत पहिल्या सत्रात संशोधनपद्धती असते, दुसऱ्यात ४ श्रेयांकांचं ऑन-जॉब ट्रेनिंग किंवा फील्ड प्रोजेक्ट. तिथे पोथ्यांची सूची हाच विषय माग.

एम.ए.च्या दुसऱ्या वर्षीच नेट, म्हणजे प्राध्यापकीची राष्ट्रीय पात्रता परीक्षा, दे. पहिला पेपर ५० प्रश्नांचा, दुसरा १०० प्रश्नांचा, मिळून ३ तास, चुकीला मार्क कापत नाहीत. त्यातूनच जे.आर.एफ., म्हणजे संशोधनाची फेलोशिप, मिळाली तर सुरुवातीला महिन्याला ३७,००० रुपये आणि वर घरभाडं. ती मिळाली नाही, तर स्वतःच्या पैशाने पीएच.डी.ला बसू नकोस. सेट, म्हणजे राज्याची तशीच पात्रता परीक्षा, आणि बार्टी, महाज्योती, सारथी या राज्याच्या संस्थांपैकी तुझ्या प्रवर्गाला जी लागू असेल तिची फेलोशिप हे पुढचे पर्याय. या फेलोशिपा जाहिरातीवर अवलंबून असतात, म्हणून जात आणि उत्पन्नाचे दाखले आत्ताच काढून ठेव.

एम.ए. चालू असतानाच मोडी शीक. पुराभिलेख संचालनालय प्रशिक्षण वर्ग घेतं आणि त्यांचं अभिलेखागार नागपुरातही आहे. २०२३मध्ये कुणबी नोंदी शोधायची वेळ आली तेव्हा मोडी वाचणारी माणसं सरकारला शोधावी लागली होती. त्याच्या जोडीला युनिकोड टायपिंग आणि मुद्रितशोधनाच्या खुणा. स्कॅन केलेल्या जुन्या मराठी पुस्तकांचा मजकूर संगणक वाचतो, तेव्हा सारख्या दिसणाऱ्या अक्षरांत तोही फसतो, अनुस्वार आणि जोडाक्षरं घालवतो. ते दुरुस्त करायचं काम पानाच्या दराने मिळतं. दर ठरवताना पान किती शब्दांचं, हे आधी लिहून घे, नाहीतर बारीक टायपाची पानं तुझ्याच गळ्यात पडतात.

बाबांना दोन वर्षांचा हिशोब मांडून दाखव: फी, खोली किंवा एस.टी.चा पास, नेटचे दोन प्रयत्न. तिसऱ्या वर्षी बी.एड. करायचं ठरलं तर त्याची सीईटी, म्हणजे प्रवेशपरीक्षा, असते, तिचा अर्ज एम.ए.च्या शेवटच्या वर्षीच भरावा लागेल.