स्लो कुकरमध्ये गाजराची पाकातली गोड भाजी करताना पाक पातळ का राहतो?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: तुम्ही घणसोलीला राहता, अमेरिकेतल्या भावाने स्लो कुकर (विजेवर तासन्तास मंद शिजवणारं झाकणाचं भांडं) दिलाय, त्यात गाजर, गूळ, तूप घालून चकचकीत पाकातली भाजी करायची आहे. पण पाक पाण्यासारखा राहतो आणि गाजर सहा तासांनीही मधे टचटचीत लागतं. जानेवारीत ठाण्याला भाचीचं केळवण आहे, पंधरा माणसं आहेत, तेव्हा काय करू?

पाक पातळ राहण्यात तुमच्या प्रमाणाचा दोष नाही. स्लो कुकर बनवलाच आहे पाणी आत राखायला. आयर्विंग नॅक्सन या अमेरिकी माणसाने 1940 मध्ये त्याचं पेटंट मिळवलं. त्याच्या यंत्रात मुख्यतः बीन्स शिजायचे. 1971 मध्ये ते 'क्रॉक-पॉट' नावाने बाजारात आलं. बीन्सना भरपूर वेळ आणि भरपूर ओल लागते, म्हणून वाफ झाकणाला लागून परत खाली पडते, बाहेर जवळजवळ जातच नाही. पाकाला मात्र नेमकं उलटं हवं. त्यातलं पाणी उडालं तरच तो दाटतो, आणि दाटताना त्याचं तापमान शंभर अंशांच्या पुढे चढत जातं. स्लो कुकर तिथवर पोचतच नाही. बटण मंद 'लो'वर असो की जास्त 'हाय'वर, शेवटी दोन्ही उकळीच्या जरा अलीकडेच थांबतात. फरक फक्त तिथे पोचायला लागणाऱ्या वेळाचा. त्यामुळे आणखी दोन तास ठेवूनही पाक दाटणार नाही, उलट गाजर आणखी पाणी सोडत राहील.

म्हणून मी हे काम सरळ दोन ठिकाणी वाटते. गाजर कुकरमध्ये शिजवायचं, पाक गॅसवर कढईत करायचा. काही जण कॉर्नफ्लोअर लावायला सांगतात. मला ते अजिबात पटत नाही. चकाकी जाते आणि गाजरावर खळ चढवल्यासारखी दिसते.

आता गाजर कडक का राहतं ते बघू, कारण खरी गोम इथे आहे. गाजराचा कडकपणा त्याच्या पेशी एकमेकींना धरून ठेवणाऱ्या पेक्टिनमुळे असतो आणि ते साधारण 85 अंशांच्या वर गेल्यावरच नीट सैल पडायला लागतं. त्याच्या आधी एक टप्पा येतो. गाजर 55 ते 65 अंशांच्या आसपास बराच वेळ राहिलं, तर त्याच्यातलंच एक एन्झाइम ते पेक्टिन आणखी घट्ट बांधून टाकतं, आणि मग पुढे कितीही शिजवा, ते हट्ट सोडत नाही. गार पाणी घालून 'लो'वर लावलेला कुकर नेमका याच टप्प्यातून रेंगाळत जातो. त्यात तुम्ही सुरुवातीलाच गूळ घालता. गूळ जरासा आम्लधर्मी असतो, त्यात कॅल्शियमही असतं, आणि आंबटपणा, कॅल्शियम, साखर हे तिघंही भाजीला लवकर मऊ होऊ देत नाहीत. लिंबू किंवा संत्र्याचा रस आधी घातला तर तेच.

तेव्हा पंधरा जणांसाठी असं करा. दोन किलो लाल गाजर घ्या. जानेवारीत दिल्लीची लाल गाजरं भरात असतात, वाशीच्या घाऊक बाजारातून (एपीएमसी) ती ठाण्या-नवी मुंबईच्या सगळ्या मंडयांत येतात. केशरी गाजर बाराही महिने मिळतं आणि आकार छान धरतं, पण या भाजीला लाल गाजराचा रस आणि गोडवा हवाच. फार जाड घेऊ नका. जून गाजराचा मधला पिवळा भाग शिजूनही चिवट लागतो. अंगठ्याएवढी जाड, लांब, कोवळी बघून घ्या. मी ठाण्यात जांभळी नाक्याच्या मंडईत घेताना एक मोडून बघते. कटकन मोडलं आणि मधे फिकट चकती बारीक दिसली की तो ढीग चांगला.

सोलून इंचभर लांबीचे तिरके तुकडे करा. वरचा जाड भाग उभा चिरून मग तुकडे करा, म्हणजे सगळे एकसारखे होतात; अर्धे लगदा आणि अर्धे कच्चे हा प्रकार बहुतेक वेळा इथूनच सुरू होतो. भांड्यात गाजर, चमचाभर मीठ, दोन मोठे चमचे तूप आणि अर्धी वाटी कडकडीत उकळतं पाणी घाला. पाणी उकळतंच हवं. भांडंही आधी गरम पाण्याने विसळून घ्या, कारण चिनी मातीचं गार भांडं एकदम उकळत्या पाण्याने तडकू शकतं. पहिला तास 'हाय'वर, मग 'लो'वर साधारण तीन-साडेतीन तास. प्रत्येक कुकरची धग निराळी, म्हणून तीन तासांनंतर एक तुकडा टोचून बघा. सुरी सहज आत गेली पण तुकडा फुटला नाही, की बंद करा. त्याआधी झाकण उघडू नका. एकदा उघडलं की गेलेली ऊब परत यायला वीस मिनिटं तरी जातात. भांडं अर्ध्यापेक्षा जास्त भरलेलं असावं, काठोकाठ मात्र नको.

गाजराने सोडलेलं पाणी धरून तळाशी वाटी-दीड वाटी लालसर रस जमलेला असेल. तो पसरट कढईत गाळून घ्या. जाड बुडाची, रुंद तोंडाची कढई घ्या, रुंद असेल तितकं पाणी लवकर उडतं. त्यात दोनशे ग्रॅम किसलेला गूळ, दोन संत्र्यांचा रस आणि चमचाभर किसलेलं आलं घाला. नागपूरची संत्री याच दिवसांत असतात आणि लाल गाजराशी त्यांचं फार चांगलं जमतं. गुळात कचरा दिसला तर तो त्याच रसात विरघळवून पुन्हा गाळा. चिक्कीचा गूळ घेऊ नका, त्याचा पाक दाताला चिकटेल असा ओढतो.

आता मोठ्या आचेवर उकळू द्या आणि कढईसमोरून हलू नका. आधी बारीक फेसाळ बुडबुडे येतात, भराभर फुटतात, वर पांढुरका फेस धरतो. सात-आठ मिनिटांत फेस बसतो, बुडबुडे मोठे आणि चकचकीत होतात, फुटायला आळस करायला लागतात, आवाजही बदलतो. उलथन्याने तळाशी एक रेघ ओढा. रेघ क्षणभर दिसून मिटली की आच कमी करा. एकतारीपर्यंत जाऊ नका, कारण गार झाल्यावर पाक आणखी दाटतो आणि गाजरं एकमेकांना चिकटून बसतात. चमचाभर तूप सोडा, गाजर घाला आणि ढवळण्यापेक्षा कढई दोन्ही कानांनी धरून गोल हलवा. दोन मिनिटांत प्रत्येक तुकड्याला पाक धरतो. मग जायफळ, चिमूटभर मिरपूड, अर्धं लिंबू. लिंबू वगळू नका, नाहीतर ही भाजी ताटात गाजर हलव्याची जागा घ्यायला लागते.

चिनी मातीचं भांडं थेट गॅसवर ठेवू नका. फ्रिजमधून काढून लगेच कुकरमध्ये लावू नका, तडकतं.

आणखी एक गोष्ट तुम्ही लिहिली नाहीत, पण मला ती सगळ्यात आधी विचारावीशी वाटते. कुकर अमेरिकेचा आहे तर त्याच्या बुडाची पट्टी वाचलीत का? तिथली वीज 120 व्होल्टची, आपली 230 ची. पट्टीवर फक्त 120 लिहिलं असेल आणि तो थेट आपल्या सॉकेटला लावला, तर जवळजवळ पावणेचार पट उष्णता तयार होते. कॉइल जळते, आगही लागू शकते. पिन बदलणारा छोटा अडॅप्टर व्होल्टेज कमी करत नाही. स्टेप-डाउन ट्रान्सफॉर्मर लागतो, तोही कुकरच्या वॅटेजच्या दुप्पट क्षमतेचा. 250 वॅटच्या कुकरला 500 चा. कृपा करून हे आधी तपासा. आणि डिजिटल बटणांचा असेल तर वीज जाऊन आल्यावर तो आपोआप सुरू होईलच असं नाही, तेव्हा लावून दिवसभर बाहेर जाऊ नका.

कोणी म्हणेल, एवढं कशाला, प्रेशर कुकरला एक शिट्टी काढा. चार माणसांना मीही तेच सांगेन. पण केळवणाच्या दिवशी एका शेगडीवर पुऱ्यांचं तेल, एका शेगडीवर वरण, अशा वेळी दोन किलो गाजर कोपऱ्यात निवांत शिजत असणं ही मोठी सोय आहे, आणि तुकडा अखंड राहतो तो वेगळाच. वीजही सगळी मिळून सव्वा युनिटच्या आत जाते.

रताळ्याचंही पुढेमागे करून बघा, पण गाजरात मिसळू नका, कारण त्याला उलटा हिशेब लागतो. रताळ्यातलं एन्झाइम साधारण 60 ते 75 अंशांत पिठूळपणाची साखर करतं, म्हणून ते हळूहळू तापलं तर जास्त गोड होतं. त्याला साधं पाणी घालून पहिल्यापासून 'लो'च ठेवा आणि गूळ निम्माच घ्या. आपले उपासाचे तुपातले गोड काप ज्यांना आवडतात त्यांना हे हमखास आवडेल.

राहिलं ठाण्याला न्यायचं. एवढं जड भांडं घेऊन ट्रान्स-हार्बर लोकलच्या गर्दीत चढू नका. गाजर घरी शिजवून एका डब्यात, आटवलेला पाक दुसऱ्या घट्ट झाकणाच्या डब्यात घ्या. सकाळी शिजवून दुपारी वाढणार असाल तर ठीक, आदल्या रात्री केलंत तर दोन्ही डबे फ्रिजमध्ये ठेवा. तिथे पोचल्यावर कढईत पाक मंद आचेवर गरम करा, फार दाटला असेल तर दोन चमचे गरम पाणी घाला, मग गाजर सोडून झाकण न ठेवता पाच-सात मिनिटं हलवा. संक्रांतीच्या आसपास केळवण असेल तर भाजलेले पांढरे तीळ वरून घाला, पण अगदी वाढताना. पाकात बसले की त्यांचा कुरकुरीतपणा जातो.