शिट्ट्या मोजणारा नवरा

पत्र: मिस्टर मे महिन्यात रिटायर झाले. छत्तीस वर्षं सातची फास्ट पकडणारा माणूस आता दिवसभर ओट्याशी उभा. डाळीला चार शिट्ट्या कशाला? फ्रिज किती वेळ उघडा? कोथिंबीर वीसची का आणलीस? सिलिंडरवर लावल्याची तारीख पेनाने लिहितात. मला चार घोट चहासुद्धा एकटीने पिता येत नाही. काही बोललं की तोंड पाडून बसतात. काय करू?
– एक वाचक, डोंबिवली

ताई,

सिलिंडरवरची तारीख वाचून आधी हसू आलं. १४.२ किलोचा सिलिंडर तुमच्याकडे किती दिवस जातो, हे तुम्ही झोपेतही सांगाल. त्यांना ते आत्ता कळतंय, म्हणून लिहून ठेवतात.

राग मानू नका, पण शिट्ट्यांचं त्यांचं थोडं बरोबर आहे. शिट्टी म्हणजे जास्तीची वाफ बाहेर गेली, इतकंच. पहिली झाली की गॅस बारीक करून आठ-दहा मिनिटं ठेवा, भिजवलेली तूरडाळ मऊ शिजते. पण हे त्यांनी स्वतः कुकर लावून दाखवावं. बाजूला उभं राहून नाही.

म्हणून त्यांना मदतीला घेऊ नका. मदतीला आलेला माणूस मीठ किती, मोहरी कुठे, असं विचारून जीव खातो. अख्खं खातंच द्या. रात्रीचं वरण-भात-भाजी त्यांचं: भाजी आणण्यापासून ओटा पुसण्यापर्यंत. ओटा पुसण्याचं आधीच ठरवून घ्या, नेमके तिथेच पुरुष सटकतात! गवार जून निघेल, वरण पाणचट होईल. तुम्ही हॉलमधून उठायचं नाही. हे तुम्हालाच जड जाणार आहे. पत्र मी इथे थोडक्यात दिलंय. मूळ पत्रात ‘माझा ओटा’ सहा वेळा आलाय.

त्यांना आकडे आवडतात ना? मग केंद्र सरकारच्या २०१९ च्या वेळ-वापर सर्वेक्षणातले सांगा. स्वतःच्या घरचं काम करणाऱ्या बायकांची त्यात दिवसाला सरासरी २९९ मिनिटं जातात आणि जे पुरुष करतात, त्यांची ९७. भांडणाच्या सुरात नको. मी कधी रिटायर व्हायचं, एवढंच विचारा आणि उत्तराची वाट बघा.

दुपारी चारचा चहा तुमचा एकटीचा. बाल्कनीत, दार लोटून. त्या वेळी त्यांना दळणाला पाठवा. ज्वारी ज्वारीवरच दळून घ्यायची, गव्हावर नाही, हे बजावून सांगा; म्हणजे डबा ठेवून लगेच परत येणार नाहीत, उभे राहतील.

तोंड पाडून बसले तर बसू द्या, भूक लागली की उठतील. सिलिंडरवरची तारीख मात्र पुसू नका. रात्रीचा स्वयंपाक त्यांच्याकडे गेला की पुढचा सिलिंडर इतक्या लवकर कसा संपला, हे आता तुम्हाला विचारता येईल.